नावामागची नोंदवही : संकेतस्थळाच्या डोमेन नोंदी समजून घेऊ या



काही वर्षांपूर्वी आपल्या शाळेत माजी विद्यार्थ्यांचा मेळावा झाला, तो तुमच्यापैकी मोठ्या वर्गातल्यांना आठवत असेल. मेळाव्याच्या तीन आठवडे आधी शाळेचे संकेतस्थळ नवे झाले होते. जुन्या सर्व्हरवरून ते नव्या सर्व्हरवर हलवले, नवी छायाचित्रे लावली, सगळ्यांना आवडले. निमंत्रणपत्रिकेत छापले होते, "येणार असल्यास शाळेच्या ई-मेलवर कळवावे." आम्ही वाट पाहत बसलो. पत्रे येईनात. लोकांना वेळ नसेल, असे समजून समितीने जेवणाची पानेही कमी सांगितली.

मेळाव्याला आठ दिवस उरले असताना पुण्याहून एका आजोबांचे पोस्टकार्ड आले. ते आपल्या शाळेतून मॅट्रिक झालेले. त्यांनी लिहिले होते, "तीनदा ई-मेल केला. तिन्ही वेळा परत आला. जुनी माणसे आता शाळेला नकोत, असे समजावे काय?"

बाईंनी ते कार्ड शिक्षकांच्या खोलीत वाचून दाखवले आणि माझ्याकडे पाहिले. संगणकाचा शिक्षक मीच. शाळेने कोणाचेही पत्र परत पाठवले नव्हते. मग ते परत कोणी पाठवले? या प्रश्नाचे उत्तर शोधताना जे शिकलो, तेच आजच्या पाठात सांगतो.

नाव वेगळे, घर वेगळे

आपण म्हणतो, "शाळेचे संकेतस्थळ." खरे तर त्यात तीन निरनिराळ्या गोष्टी आहेत. पहिली म्हणजे नाव, ज्याला डोमेन म्हणतात. ते ठरावीक मुदतीसाठी नोंदवून घ्यावे लागते. दुसरी म्हणजे ज्या सर्व्हरवर संकेतस्थळाची पाने ठेवलेली असतात तो संगणक. तिसरी म्हणजे टपाल, म्हणजे त्या नावाने येणारे ई-मेल स्वीकारणारा संगणक. ही तिन्ही कामे एकाच ठिकाणी असतील असे नाही. आपल्या शाळेचे नाव एकीकडे नोंदवलेले, पाने दुसरीकडे आणि टपाल तिसरीकडेच होते.

या तिघांना जोडणारी एक नोंदवही असते. तिच्यात ओळीने लिहिलेले असते की या नावाची पाने कुठे आहेत आणि टपाल कुठे द्यायचे. या ओळींना डोमेनच्या नोंदी, म्हणजेच डीएनएस रेकॉर्ड म्हणतात. डीएनएस म्हणजे डोमेन नेम सिस्टिम.

ही पद्धत का आली?

संगणक एकमेकांना आकड्यांच्या पत्त्यावरून ओळखतात. माणसाला आकडे लक्षात ठेवणे जड जाते, नावे सोपी पडतात. इंटरनेटच्या आधीच्या आर्पानेट या जाळ्यात संगणक थोडे होते. तेव्हा सगळ्यांची नावे आणि आकडे एकाच यादीत लिहिलेले असत. अमेरिकेतील कॅलिफोर्नियातल्या स्टॅनफर्ड रिसर्च इन्स्टिट्यूटमध्ये एलिझाबेथ फाइनलर यांच्या विभागात ही यादी सांभाळली जाई. बाकीचे संगणक तिची प्रत उतरवून घेत. संगणक वाढले तशी यादी लांबत गेली, बदल रोजचे झाले आणि प्रत्येकाकडची प्रत जुनी राहू लागली.

१९८३ साली पॉल मोकापेट्रिस यांनी यावर उपाय सुचवला. एकाच माणसाने सगळ्या जगाची यादी ठेवायची नाही. ज्याचे नाव, त्याने आपल्यापुरती वही ठेवायची. वरच्याने फक्त एवढेच सांगायचे की ही वही कोणाकडे आहे. १९८७ साली या पद्धतीचे सुधारलेले नियम प्रसिद्ध झाले आणि आजचा डीएनएस त्यांच्याच पायावर उभा आहे.

पाकिटावरचा पत्ता आणि डोमेन

आपण पाकिटावर पत्ता कसा लिहितो? आधी माणसाचे नाव, मग घर, मग गल्ली, मग गाव, शेवटी राज्य. टपालखाते मात्र तो शेवटाकडून वाचते. आपला पिनकोडच पाहा. तो १५ ऑगस्ट १९७२ पासून सुरू झाला आणि त्याची योजना करणारे श्रीराम भिकाजी वेलणकर हे मराठी गृहस्थ होते, संस्कृतचे मोठे पंडित आणि कवी. पिनकोडचा पहिला अंक देशाचा मोठा विभाग सांगतो. ४ म्हटले की महाराष्ट्र, गोवा, मध्य प्रदेश, छत्तीसगड. ४५२ म्हटले की आपले इंदूर. शेवटचे तीन अंक टपाल वाटणारे कार्यालय सांगतात. मुंबईच्या टपाल कार्यालयाला आपली गल्ली माहीत असण्याची गरज नाही. पत्र इंदूरकडे पाठवायचे, एवढे त्याला कळले की पुरे.

डोमेनचेही तसेच आहे. शिकवण्यासाठी म्हणून एक्झाम्पल.ऑर्ग हे नाव राखून ठेवलेले आहे, तेच उदाहरण घेऊ. कोणी हे नाव ब्राउझरमध्ये टाइप केले की शोध उजवीकडून सुरू होतो.

१. आपला संगणक आधी जवळच्या चौकशी सर्व्हरला विचारतो. याला रिझॉल्व्हर म्हणतात. बहुधा तो इंटरनेट पुरवणाऱ्या कंपनीचा असतो.

२. त्याला उत्तर ठाऊक नसेल तर तो मूळ सर्व्हरकडे, म्हणजे रूट सर्व्हरकडे जातो. रूट सर्व्हरची नावे तेराच आहेत, ए पासून एम पर्यंत. पण एकेका नावाचे अनेक संगणक जगभर शेकडो ठिकाणी ठेवलेले आहेत, भारतातही आहेत. रूट सांगतो, "मला एवढेच ठाऊक, .ऑर्गची वही अमक्याकडे आहे."

३. .ऑर्गचा सर्व्हर सांगतो, "एक्झाम्पल.ऑर्गची वही तमक्या नेम सर्व्हरकडे आहे."

४. तो नेम सर्व्हर वही उघडून नेमकी ओळ वाचून दाखवतो.

हे सगळे डोळ्याचे पाते लवायच्या आत होते. मिळालेले उत्तर रिझॉल्व्हर काही वेळ लक्षात ठेवतो, म्हणजे पुन्हा कोणी विचारले तर इतके हेलपाटे नकोत.

आपल्या देशाचे .इन आणि .भारत ही दोन्ही क्षेत्रे 'निक्सी' ही संस्था सांभाळते. देवनागरीतले .भारत २०१४ साली सुरू झाले आणि त्यात मराठीतही नाव घेता येते. पडद्यावर नाव देवनागरीत दिसले तरी वहीत मात्र ते रोमन अक्षरे आणि आकडे यांच्या सांकेतिक रूपात लिहिले जाते, कारण जुन्या नियमांना तीच लिपी कळते.

वहीतल्या ओळी

आता वही उघडू. नमुन्यासाठी आपण अशा नोंदी घेऊ :

एक्झाम्पल.ऑर्ग — एनएस — एनएस१.एक्झाम्पल.नेट
एक्झाम्पल.ऑर्ग — एनएस — एनएस२.एक्झाम्पल.नेट
एक्झाम्पल.ऑर्ग — ए — १९२.०.२.१०
डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यू.एक्झाम्पल.ऑर्ग — सीनेम — एक्झाम्पल.ऑर्ग
एक्झाम्पल.ऑर्ग — एमएक्स १० — मेल१.एक्झाम्पल.नेट
एक्झाम्पल.ऑर्ग — एमएक्स २० — मेल२.एक्झाम्पल.नेट
एक्झाम्पल.ऑर्ग — टीएक्सटी — (मजकूर)

प्रत्येक ओळीत तीन भाग दिसतात : कोणाविषयी, कोणत्या प्रकारची नोंद आणि उत्तर काय. आता एकेक प्रकार पाहू.

एनएस : ही नोंद सांगते की वही कोणाकडे आहे. ती वरच्या सर्व्हरकडेही लिहिलेली असते. म्हणूनच ती बदलली की सगळी वहीच बदलते. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

ए : नावाचा आकडी पत्ता. यात ० ते २५५ मधले चार आकडे असतात. असे पत्ते जगाला पुरेनासे झाले, म्हणून पुढे लांब पत्ते आले. त्यांच्या नोंदीला चार वेळा ए लिहून एएएए म्हणतात, कारण नवा पत्ता जुन्याच्या चौपट लांब, १२८ बिटांचा असतो. जुना ३२ बिटांचा.

सीनेम : टोपणनाव. घरी ज्याला बंड्या म्हणतात त्याचे हजेरीपटावरचे नाव अमुक, असे सांगणारी ओळ. एक नियम कडक आहे : ज्या नावाला सीनेम दिले त्याला दुसरी सर्वसाधारण नोंद ठेवता येत नाही. म्हणून मुख्य डोमेनला सीनेम देता येत नाही, कारण तिथे एनएससारख्या नोंदी असाव्याच लागतात.

एमएक्स : टपाल कोणाकडे द्यायचे ते. इथे आकडी पत्ता लिहायचा नसतो, टपाल घेणाऱ्या संगणकाचे नाव लिहायचे असते. सोबतचा आकडा पसंतीचा. लहान आकडा आधी, म्हणजे १० चा संगणक बंद असेल तर २० कडे जायचे. पुष्कळांना वाटते मोठा आकडा म्हणजे मोठा मान. तसे नाही.

टीएक्सटी : मोकळा मजकूर. हिचा मोठा उपयोग टपालाच्या खरेपणासाठी होतो. "आमच्या नावाने पत्र पाठवण्याचा अधिकार फक्त या संगणकांना आहे," असे इथे लिहून ठेवता येते. त्याला एसपीएफ म्हणतात. ही ओळ नसेल तर आपली खरी पत्रेही समोरच्याकडे संशयित पत्रांच्या ढिगात पडू शकतात.

एसओए : वहीचे मुखपृष्ठ. त्यावर वहीचा अनुक्रमांक आणि काही मुदती असतात. वहीत बदल केला की अनुक्रमांक वाढतो, त्यावरून दुसऱ्या नेम सर्व्हरला कळते की नवी प्रत घ्यायला हवी.

याशिवाय प्रत्येक ओळीला एक मुदत असते, तिला टीटीएल म्हणतात. ती सेकंदांत लिहितात. ३६०० म्हणजे एक तास, ८६४०० म्हणजे एक दिवस. मिळालेले उत्तर रिझॉल्व्हरने किती वेळ लक्षात ठेवायचे ते यावरून ठरते. "अशी नोंद नाही" हे उत्तरसुद्धा काही वेळ लक्षात ठेवले जाते! त्याची मुदत मुखपृष्ठावर, म्हणजे एसओएमध्ये असते.

आपल्या शाळेचे काय झाले?

आता गोष्टीकडे परत येऊ. पोस्टकार्ड आल्यावर मी ऑफिसातून बाईंना ई-मेल पाठवून पाहिला. लगेच पोचला. बाईंचे उत्तरही आले. "टपाल तर चालू आहे," असे मी म्हणालो, आणि इथेच चुकलो.

नववीतली एक मुलगी संगणक कक्षात बसली होती. ती म्हणाली, "सर, तुमचा आणि बाईंचा ई-मेल एकाच ठिकाणचा आहे ना? मग पत्र बाहेर गेलेच कुठे? मी माझ्या घरच्या ई-मेलवरून पाठवून बघते." तिने पाठवले. दोन मिनिटांत ते परत आले, सोबत इंग्रजीत सूचना : या नावाचा पत्ता येथे नाही.

मुलीचे म्हणणे बरोबर होते. एकाच टपालसेवेतली दोन खाती एकमेकांना लिहितात तेव्हा ती सेवा पत्र आतल्या आत देते, वही उघडायची गरजच पडत नाही. एका वाड्यात राहणारे दोघे चिठ्ठी देतात तेव्हा पोस्टमन लागत नाही, तसे. म्हणून ऑफिसात कोणाला काही जाणवलेच नाही. बाहेर जाणारी पत्रेही जात होती, कारण त्यांना समोरच्याची वही लागते, आपली नाही.

मग आम्ही दोघांनी शाळेच्या डोमेनची एमएक्स नोंद विचारली. उत्तर आले : नोंद नाही.

कारण पुढे कळले. संकेतस्थळ हलवणाऱ्या सेवादाराने फक्त ए नोंद बदलली असती तर काम भागले असते. त्याने एनएस नोंदीच बदलल्या, म्हणजे वहीच नवी केली. नव्या वहीत त्याने दोन ओळी लिहिल्या, एक ए आणि एक सीनेम. संकेतस्थळ झकास उघडले. जुन्या वहीतल्या एमएक्स आणि टीएक्सटीच्या ओळी मात्र उतरवायच्या राहिल्या. जुनी वही तशीच होती, पण तिला आता कोणी विचारत नव्हते.

एमएक्स नसेल तर पत्र कुठे जाते? नियम असा आहे की मग ए नोंदीतल्या पत्त्यावरच पत्र देऊन पाहायचे. त्यामुळे लोकांची पत्रे संकेतस्थळाच्या सर्व्हरवर गेली. त्या बिचाऱ्याला शाळेतली खाती कशी माहीत असणार? त्याने प्रत्येकाला सांगितले, "असा माणूस इथे राहत नाही." आजोबांना तीनदा मिळालेले उत्तर ते हेच.

दुरुस्ती का लांबली?

गहाळ ओळी लिहिणे पाच मिनिटांचे काम. आम्हाला तीन दिवस लागले. सेवादाराचा फोन दोन दिवस लागला नाही. मग ठरवले की जिथे नाव नोंदवले आहे तिथे जाऊन आपणच एनएस पूर्ववत करू. तिथला परवलीचा शब्द कोणालाच आठवेना. "विसरलो" हे बटण दाबले, तर नवा शब्द पाठवला गेला शाळेच्याच ई-मेलवर, जो बंद पडला होता! घराची दुसरी किल्ली घरातच ठेवून कुलूप लावावे, तशी आमची गत झाली.

तिसऱ्या दिवशी सेवादार भेटला, त्याने ओळी लिहिल्या, आणि "नोंद नाही" ही जुनी आठवण जशी रिझॉल्व्हरांच्या डोक्यातून गेली तशी पत्रे येऊ लागली. तोवर मेळावा पाच दिवसांवर आला होता. आम्ही जितक्यांचे फोन क्रमांक मिळाले तितक्यांना फोन केले. आजोबांनाही केला. ते मोकळेपणाने हसले, पण रेल्वेचे आरक्षण आता मिळत नव्हते. ते त्या मेळाव्याला येऊ शकले नाहीत.

मोठ्यांचेही असे होते

नोंदी चुकणे फक्त लहान शाळांच्या नशिबी असते असे समजू नका. ४ ऑक्टोबर २०२१ रोजी, आपल्याकडे रात्री नऊच्या सुमारास, फेसबुक, व्हॉट्सअ‍ॅप आणि इन्स्टाग्राम जगभर बंद पडले आणि सुमारे सहा तास बंद राहिले. देखभालीच्या कामात दिलेल्या एका आज्ञेने कंपनीच्या केंद्रांना जोडणारे अंतर्गत जाळे तुटले. त्यासरशी कंपनीचे नेम सर्व्हरही जगापासून तुटले. वहीत ओळी बरोबर होत्या, पण वहीपर्यंत जाण्याचा रस्ताच उरला नव्हता. संकेतस्थळ किती मोठे आहे याला महत्त्व नाही, नावाची चौकशी थांबली की सगळे थांबते.

आता शाळेत पाळले जाणारे नियम

१. डोमेन शाळेच्या नावावर असावे, सेवादाराच्या किंवा एखाद्या शिक्षकाच्या नव्हे. माणसे निवृत्त होतात, सेवादार बदलतात.

२. नोंदणीसाठी दिलेला ई-मेल त्याच डोमेनचा नसावा. परवलीचा शब्द दोन जबाबदार व्यक्तींकडे बंद पाकिटात असावा.

३. वहीतल्या सगळ्या नोंदींची छापील प्रत ऑफिसच्या फायलीत असावी. बदल करण्यापूर्वी आणि केल्यानंतर ती ताडून पाहावी.

४. फक्त संकेतस्थळ हलवायचे असेल तर ए नोंद बदलावी. एनएस बदलणे टळत नसेल तर आधी नवी वही पूर्ण लिहावी, मग बदल करावा.

५. बदलाच्या एक-दोन दिवस आधी टीटीएल कमी, म्हणजे ३०० करावी. चूक झाली तर लवकर निस्तरते. सगळे नीट झाल्यावर पुन्हा वाढवावी.

६. बदल झाल्यावर बाहेरच्या खात्यावरून पत्र पाठवून पाहावे. आतल्या आत केलेली परीक्षा ही परीक्षा नव्हे.

७. मुदत संपण्याची तारीख कॅलेंडरवर लाल शाईने लिहावी. नाव १ ते १० वर्षांसाठी घेता येते. मुदतवाढ राहिली तर ते दुसरा कोणी घेऊ शकतो.

स्वतः करून पाहा

संगणक कक्षात विंडोजवर कमांड प्रॉम्प्ट उघडा. 'एनएसलुकअप' हा शब्द रोमन लिपीत, मध्ये जागा न सोडता टाइप करून एंटर दाबा. पुढच्या ओळीवर 'सेट टाइप=एमएक्स' ही आज्ञा रोमन लिपीत द्या. मग विकिपीडिया.ऑर्ग हे नाव लिहा. टपाल घेणाऱ्या संगणकांची नावे दिसतील. 'एमएक्स'च्या जागी 'एनएस', 'टीएक्सटी', 'ए' घालून पाहा. या नोंदी सर्वांना पाहता येतात. पाहिल्याने काही बिघडत नाही, तेव्हा बिनधास्त पाहा.

स्वाध्याय

१. एक्झाम्पल.ऑर्गच्या एमएक्स नोंदीत एकाने १९२.०.२.२५ असे लिहिले. काय चुकले?

२. एकाने मुख्य डोमेनला सीनेम दिले आणि त्याच नावाला एमएक्सही दिले. हे का चालणार नाही?

३. टीटीएल ८६४०० असताना सकाळी दहा वाजता ए नोंद बदलली. एखाद्याला जुने संकेतस्थळ जास्तीत जास्त केव्हापर्यंत दिसू शकेल?

४. संकेतस्थळ उघडते पण पत्रे परत जातात. तुम्ही सर्वांत आधी कोणती नोंद पाहाल?

५. संकेतस्थळही उघडत नाही आणि पत्रेही येत नाहीत. आता आधी कोणती नोंद पाहाल, आणि का?

उत्तरे वहीत लिहून संगणकाच्या तासाला तपासायला आणा.

जाता जाता एक सांगतो. त्या काळात आपल्याला किती जणांनी पत्रे लिहिली, ते आजही आपल्याला ठाऊक नाही. परत गेलेले पत्र पाठवणाऱ्याकडे जाते, आपल्याकडे त्याची खूण राहत नाही. आजोबांनी पोस्टकार्ड टाकले म्हणून कळले, बाकीचे गप्प राहिले असतील. पुण्याचे ते कार्ड बाईंनी टाकून दिले नाही. नोंदींच्या छापील प्रतीसोबत ते ऑफिसच्या फायलीत लावलेले आहे, आणि वहीत कोणताही बदल करण्यापूर्वी ती फाइल उघडायची, असा आपल्या शाळेचा रिवाज आहे.

— संगणक विभाग